चौथा क्रमांक आणि आगरतळ्याची तालीम

१/
१४ ऑगस्ट २०१६, रविवारची रात्र. आपल्याकडे सव्वाअकरा वाजून गेले होते. रिओ दि जानेरोच्या ऑलिंपिकमध्ये महिलांच्या व्हॉल्टची अंतिम फेरी सुरू झाली आणि त्या आठ जणींत त्रिपुराची २३ वर्षांची दीपा कर्माकर होती. मी तेव्हा शाळकरी वयातला. सकाळी झेंडावंदन असल्याने लवकर झोपण्याची आज्ञा झाली होती. ती मोडून मी दूरचित्रवाणीचा आवाज बारीक करून बसलो होतो. थोड्या वेळाने आज्ञा देणारे वडीलही शेजारी येऊन बसले.

२/
निकाल सर्वांना ठाऊक आहे. सिमोन बाइल्स १५.९६६, मारिया पासेका १५.२५३, जुलिया श्टाइनग्रुबर १५.२१६ आणि चौथी दीपा, १५.०६६. कांस्यपदक ०.१५० गुणांनी हुकले. दुसऱ्या उडीनंतर ती इतकी खोल बसली की शरीर गादीला टेकते की काय असे वाटले. पण ती सावरली आणि उभी राहिली. दुसऱ्या दिवशी वर्तमानपत्रांत, भाषणांत आणि शाळेच्या मैदानावर एकच शब्द ऐकू येत होता : चमत्कार.

३/
इतिहासाच्या विद्यार्थ्याने या शब्दापाशी थबकले पाहिजे. ज्या घटनेची कारणे शोधण्याचे श्रम आपण घेतलेले नसतात, तिला आपण चमत्कार म्हणतो. म्हणून या धाग्यात मी दोन प्रश्न विचारणार आहे. पहिला : ही मुलगी आगरतळ्यातूनच का आली? दुसरा : जगातील सर्वांत धोकादायक मानली जाणारी उडी तिनेच का निवडली? या दोन्ही प्रश्नांची उत्तरे एकमेकांत गुंतलेली आहेत आणि ती आपल्याला फारशी सुखावणारी नाहीत, असे माझे मत आहे.

४/
आधी पार्श्वभूमी. भारतीय जिम्नॅस्ट ऑलिंपिकमध्ये प्रथम उतरले ते १९५२ साली, हेलसिंकीत. हेलसिंकी म्हटले की आपल्याला खाशाबा जाधव आणि त्यांचे कुस्तीतील कांस्यपदक आठवते, आणि ते योग्यच आहे. त्याच स्पर्धेत दोन भारतीय जिम्नॅस्टही होते, हे मात्र कुणाच्या स्मरणात नाही. १९५६ मध्ये तीन आणि १९६४ मध्ये सहा जण गेले. एकूण अकरा, आणि सर्व पुरुष. त्यानंतर थेट २०१६. मध्ये ५२ वर्षांची पोकळी.

५/
ही पोकळी का निर्माण झाली? अंग वळवण्याची, तोलाची, झेपेची परंपरा या देशाला नवी नाही. मल्लखांब आपल्या अंगणातला आहे. पेशवाईच्या अखेरच्या काळात बाळंभटदादा देवधरांनी त्याला नवे रूप दिले, हे या पानाच्या वाचकांना सांगायला नको. परंतु आधुनिक जिम्नॅस्टिक्स हा साधनांचा खेळ आहे. ठरावीक उंचीचे टेबल, उसळी देणारा बोर्ड, फोमने भरलेला खड्डा, आणि लहान वयापासून रोज डोळ्यांत तेल घालून पाहणारा प्रशिक्षक. यांतले एक जरी नसले तरी नुसती परंपरा पुरत नाही.

६/
आता आगरतळ्याकडे वळू. त्रिपुरा तीन बाजूंनी बांगलादेशाने वेढलेले आहे. फाळणीनंतर कोलकात्याला जाणारी सरळ वाट तुटली आणि आसाममार्गे मोठा वळसा पडू लागला. आगरतळ्याला रेल्वे पोहोचली ती २००८ मध्ये, तीही मीटरगेज. ब्रॉडगेजवरून दिल्लीला जाणारी पहिली गाडी तत्कालीन रेल्वेमंत्री सुरेश प्रभू यांच्या हस्ते सुटली ३१ जुलै २०१६ रोजी. म्हणजे दीपाच्या अंतिम फेरीच्या अवघे दोन आठवडे आधी! अशा गावात जिम्नॅस्टिक्स रुजले कसे?

७/
त्याचे उत्तर एका माणसापासून सुरू होते. १९६० च्या दशकात दलीप सिंह नावाचे प्रशिक्षक उत्तर भारतातून त्रिपुरात आले. बदलीवर आलेला माणूस दिवस मोजतो. हे तिथेच रमले आणि त्यांनी मुले घडवली. आपल्या भाषेत सांगायचे तर त्यांनी आगरतळ्यात जिम्नॅस्टिक्सची तालीम उभी केली आणि ते तिचे वस्ताद झाले. तालीम टिकते ती वस्तादाने घडवलेला पठ्ठ्या पुढे स्वतः वस्ताद होतो म्हणून. आगरतळ्यात नेमके तेच घडले.

८/
त्यांच्या तालमीतील मोंटू देबनाथ यांना १९७५ चा अर्जुन पुरस्कार मिळाला. त्याच परंपरेत बिश्वेश्वर नंदी घडले. ते स्वतः राष्ट्रीय पातळीवरचे जिम्नॅस्ट होते आणि पुढे प्रशिक्षक झाले. त्रिपुराच्याच कल्पना देबनाथ यांना २००० साली अर्जुन पुरस्कार मिळाला. दीपाला तो २०१५ मध्ये मिळाला आणि नंदीसरांना २०१६ मध्ये द्रोणाचार्य. एका चिमुकल्या, कोपऱ्यातल्या राज्याची एवढी अखंड साखळी. चमत्काराला वंशावळ नसते; दीपाला आहे.

९/
९ ऑगस्ट १९९३ रोजी दीपाचा जन्म झाला. वडील दुलाल कर्माकर भारोत्तोलनाचे प्रशिक्षक, म्हणजे घरात खेळ होताच. सहाव्या वर्षाच्या सुमारास तिला व्यायामशाळेत घातले गेले. तिचे पहिले धडे सोमा नंदी यांच्याकडे झाले; पुढे त्यांचे पती बिश्वेश्वर नंदी यांनी तिला हाती घेतले. अडचण एकच होती, पण ती मुळावरची : दीपाचे तळपाय सपाट होते. पायाची नैसर्गिक कमान झेप घेताना आणि जमिनीवर उतरताना स्प्रिंगसारखे काम करते. ती नसलेल्या मुलीला बहुतेक ठिकाणी दारातूनच परत पाठवले असते.

१०/
नंदी दांपत्याने ते केले नाही. व्यायामाने पायाला वळण लावण्यात काही वर्षे गेली. साधनांची अवस्था काय होती? व्हॉल्टच्या टेबलाऐवजी गाद्यांवर गाद्या रचून सराव करावा लागे. दीपाची गुणवत्ता निर्विवाद आहे. पण सपाट पायांच्या सहा वर्षांच्या मुलीत ती गुणवत्ता पाहण्यासाठी अनुभवी नजर लागते, आणि अशी नजर तीन पिढ्यांच्या सरावातून तयार होते. माझ्या मते दीपाच्या उदयातील सर्वांत कमी सांगितला गेलेला आणि सर्वांत महत्त्वाचा भाग हाच आहे.

११/
मग एकेक पायरी. २००७ मध्ये जलपाईगुडीला कनिष्ठ गटाचे राष्ट्रीय विजेतेपद. २०१० च्या दिल्ली राष्ट्रकुल स्पर्धेसाठी भारतीय संघात निवड. तिथे तिला पदक मिळाले नाही, पण आशिष कुमारने व्हॉल्टमध्ये रौप्य आणि फ्लोअरवर कांस्य जिंकले. राष्ट्रकुल स्पर्धेतील जिम्नॅस्टिक्सची भारताची ती पहिली पदके. आपल्यासारख्याच व्यायामशाळांतून आलेला मुलगा पदकमंचावर उभा राहतो, हे १७ वर्षांच्या दीपाने जवळून पाहिले. पुढच्याच वर्षी रांचीच्या राष्ट्रीय क्रीडा स्पर्धेत तिने सर्वंकष प्रकारासह चारही साधनांवर सुवर्ण मिळवले.

१२/
इथवर पहिल्या प्रश्नाचे उत्तर झाले. पण देशात पहिली येणे आणि जगात आठांत येणे यांत केवढे अंतर आहे! ते कापण्यासाठी दीपा आणि नंदीसर यांनी २०१४ मध्ये जो मार्ग निवडला, त्याचे नाव प्रोदुनोव्हा. इथून दुसरा प्रश्न सुरू होतो.

१३/
रशियाच्या येलेना प्रोदुनोव्हाने १९९९ मध्ये ही उडी स्पर्धेत प्रथम यशस्वी केली, म्हणून तिचे नाव. वेगाने धावत यायचे, बोर्डवरून उसळून तळहात टेबलावर टेकवायचे, आणि तिथून हवेत पुढच्या दिशेने सलग दोन कोलांट्या घेऊन पायांवर उतरायचे. पुढे फिरत असल्याने उतरण्याच्या क्षणी जमीन नजरेस पडत नाही. उंची कमी पडली, किंवा फिरणे अर्धे राहिले, तर आधी मान किंवा पाठ आपटते. इंग्रजी वृत्तपत्रांनी तिला मृत्यूची उडी म्हटले. शब्द भडक आहे, पण धोका खरा आहे.

१४/
असली उडी कुणी का मारावी? त्यासाठी गुणांकनाचा इतिहास पाहावा लागतो. १९७६ मध्ये माँट्रियलला १४ वर्षांच्या नादिया कोमानेचीने १० पैकी १० मिळवले आणि ‘परिपूर्ण दहा’ हा या खेळाचा आदर्श ठरला. २००४ च्या अथेन्स ऑलिंपिकमध्ये गुणांकनावरून मोठे वाद झाले आणि २००६ पासून ती पद्धत मोडीत निघाली. आता दोन स्वतंत्र आकडे असतात : उडी किती अवघड याचा एक, आणि ती किती निर्दोष याचा दुसरा. दोन्हींची बेरीज म्हणजे गुण.

१५/
हा बदल कागदोपत्री तांत्रिक दिसतो. त्याचा परिणाम मात्र सामाजिक झाला. रिओमध्ये प्रोदुनोव्हाची काठिण्यपातळी ७.० होती, तर बाइल्सच्या अमानार उडीची ६.३. बाइल्सला सफाईचे ९.६ मिळाले, एकूण १५.९००. दीपाला प्रोदुनोव्हावर सफाईचे ८.२६६ मिळाले, एकूण १५.२६६. म्हणजे सफाईत सव्वा गुणाहून अधिक मागे असलेली खेळाडू काठिण्याच्या जोरावर तिच्या जवळ जाऊ शकत होती. उडी कोरून निर्दोष करण्यासाठी लागणारी साधने ज्यांच्यापाशी नाहीत, त्यांच्यासाठी नियमांनी ही एक खिडकी उघडी ठेवली होती.

१६/
त्या खिडकीतून कोण गेले ते पाहा. प्रोदुनोव्हानंतर ही उडी मोठ्या स्पर्धांत आणणाऱ्यांत डॉमिनिकन प्रजासत्ताकाची यामिलेत पेन्या, इजिप्तची फदवा महमूद, उझबेकिस्तानची ओक्साना चुसोवितिना आणि भारताची दीपा ही नावे ठळक आहेत. चुसोवितिनाने तर वयाच्या ४१ व्या वर्षी, त्याच रिओच्या अंतिम फेरीत, ती मारली. अमेरिका, चीन, रुमानिया या या खेळातील संपन्न सत्ता. त्यांच्या खेळाडूंना या वाटेने जाण्याची गरज पडली नाही.

१७/
माझा मुख्य मुद्दा हा आहे. प्रोदुनोव्हा आपण दीपाच्या धाडसाचे प्रतीक मानतो. ती धाडसाची खूण आहेच. पण तिच्यासाठी आपण काय उभारले नाही, याचीही ती नोंद आहे. ज्या व्यवस्थेने फोमचा खड्डा वेळेवर दिला नाही, परदेशी स्पर्धांचा अनुभव दिला नाही, तिने उरलेला सगळा भार खेळाडूच्या मानेवर टाकला. पुढे २०१७ च्या नियमावलीत या उडीची काठिण्यपातळी खाली आणली गेली. जोखमीच्या मानाने मोबदला जास्त आहे, हे नियम करणाऱ्यांच्याही ध्यानात आले असावे.

१८/
त्या मोबदल्याने दीपाला किती वेगाने वर नेले, हेही पाहू. २०१४ : ग्लासगो राष्ट्रकुल स्पर्धेत व्हॉल्टचे कांस्य, या स्पर्धेत जिम्नॅस्टिक्सचे पदक मिळवणारी पहिली भारतीय महिला. २०१५ : हिरोशिमात आशियाई कांस्य आणि त्याच वर्षी जागतिक स्पर्धेत व्हॉल्टच्या अंतिम फेरीत पाचवी. एप्रिल २०१६ : रिओतील पात्रता स्पर्धेत ५२.६९८ गुण आणि ऑलिंपिकची पात्रता. २२ व्या वर्षी ती ऑलिंपिक गाठणारी पहिली भारतीय महिला जिम्नॅस्ट ठरली. दोन वर्षांत एवढी चढण!

१९/
या मांडणीवर पहिला आक्षेप असा येईल : जोखीम काय फक्त गरीब देशांचे खेळाडू घेतात? नाही. सोव्हिएत संघाची येलेना मुखिना १९७८ ची विश्वविजेती होती. मॉस्को ऑलिंपिक काही दिवसांवर आले असताना, जुलै १९८० मध्ये, सरावात एक अतिकठीण कोलांटी फसली, तिची मान मोडली आणि ती जन्मभर अंथरुणाला खिळली. तिच्या देशात साधनांची वाण नव्हती. तिथे सत्तेच्या प्रतिष्ठेचा दबाव होता. कारणे वेगळी, पण हिशेब चुकता केला तो दोन्हीकडे एका मुलीच्या शरीराने. म्हणूनच धाडसाची स्तुती करताना जरा जपून बोलावे, असे मला वाटते.

२०/
दुसरा आक्षेप अधिक गंभीर आहे. दीपा काही अजाण बालिका नव्हती. तिने आणि नंदीसरांनी विचारपूर्वक निर्णय घेतला, अगणित वेळा सराव केला आणि तो पेलून दाखवला. तिला बिचारी ठरवणारे तुम्ही कोण? हा आक्षेप मला मान्य आहे. निर्णय तिचा होता आणि तो असामान्य होता. मी एवढेच म्हणतो की तिच्यापुढे पर्याय किती होते, हेही आपण मोजले पाहिजे. एकच दार उघडे असताना त्यातून ताठ मानेने जाणाऱ्याचे कौतुक जरूर करावे. बाकीची दारे बंद का होती, हा प्रश्न त्या कौतुकाने मिटत नाही.

२१/
कौतुक किती आंधळे असू शकते, याचा एक प्रसंग. रिओनंतर दीपाला एका सोहळ्यात सचिन तेंडुलकर यांच्या हस्ते बीएमडब्ल्यू गाडीची किल्ली देण्यात आली. देणाऱ्यांचा हेतू चांगलाच होता. पण आगरतळ्याच्या अरुंद रस्त्यांवर ती गाडी चालवायची कशी आणि बिघडली तर दुरुस्त करायची कुठे, हा कर्माकर कुटुंबापुढे प्रश्न पडला. अखेर त्या गाडीच्या बदल्यात रक्कम स्वीकारून तिने साधी गाडी घेतली. ती जिथून आली ते गाव आपण तेव्हाही नीट पाहिलेच नव्हते, याचे याहून बोलके उदाहरण मला दुसरे सापडत नाही.

२२/
पुढची वर्षे थोडक्यात. २०१७ मध्ये गुडघ्याची दुखापत आणि शस्त्रक्रिया. २०१८ मध्ये तुर्कस्तानातील मर्सिनच्या विश्वचषक स्पर्धेत सुवर्ण. टोकियो ऑलिंपिकची पात्रता हुकली. २०२१ मध्ये घेतलेल्या नमुन्यात प्रतिबंधित द्रव्य आढळल्याने २१ महिन्यांची बंदी आली, ती जुलै २०२३ मध्ये संपली. ही नोंद गाळून तिची गाथा लिहिणे अप्रामाणिकपणाचे होईल. मग मे २०२४ मध्ये ताश्कंदला आशियाई स्पर्धेत व्हॉल्टचे सुवर्ण. असे सुवर्ण जिंकणारी ती पहिली भारतीय. ७ ऑक्टोबर २०२४ रोजी, ३१ व्या वर्षी, निवृत्ती.

२३/
या यादीतील एक गोष्ट माझ्या मनात घर करून आहे. मर्सिन आणि ताश्कंद, ही दोन्ही सुवर्णपदके तिने प्रोदुनोव्हाविना जिंकली. अर्थात तिथली स्पर्धा ऑलिंपिकइतकी कठीण नव्हती, हे मान्य. तरीही दुखापत आणि बंदी सोसून, तिशी गाठल्यावर, तुलनेने साध्या उड्या नेटकेपणाने मारून आशियात पहिली येणारी ही खेळाडू मुळात किती तयारीची होती! पंधराव्या वर्षी तिला सगळी साधने मिळाली असती तर काय झाले असते, हा प्रश्न इतिहासाच्या शिस्तीत बसत नाही. पण तो मनातून जात नाही.

२४/
२०२० च्या टोकियो ऑलिंपिकमध्ये बंगालची प्रणती नायक पोहोचली. २०२४ च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये एकही भारतीय जिम्नॅस्ट नव्हता. मधल्या काळात राष्ट्रीय महासंघ गटबाजीने ग्रासला होता आणि त्याची सरकारी मान्यताही दीर्घकाळ अडकून पडली होती. रिओची ती रात्र नव्या पर्वाची सुरुवात आहे, असे तेव्हा आपण सगळेच म्हणत होतो. मीही म्हणत होतो. चमत्कार म्हणून साजरी केलेली गोष्ट बहुधा अशीच विरून जाते, कारण तिच्यामागची यंत्रणा कुणी शोधलेलीच नसते, मग ती जपायची कशी?

२५/
म्हणून माझे मागणे साधे आहे. दीपा कर्माकरची कथा सांगताना सुरुवात रिओपासून करू नका. ती दूरच्या गावी येऊन तिथेच रमलेल्या एका प्रशिक्षकापासून करा. मग नंदी दांपत्य, रचलेल्या गाद्या आणि सपाट पायांची एक हट्टी मुलगी. आपल्या जिल्ह्यातही अशी एखादी व्यायामशाळा असेल, जिथे कुणी सर तीस वर्षे तुटपुंज्या साधनांत मुले घडवत असतील. तिचा इतिहास कुणीतरी लिहून ठेवायला हवा. ते काम आपल्यासारख्यांचेच आहे.

२६/
त्या रात्री गुण फलकावर झळकले तेव्हा वडील म्हणाले, “चौथी आली की रे पोरगी!” त्यांच्या स्वरात हळहळ होती आणि अभिमानही. मला तेव्हा फक्त ०.१५० दिसत होते. आज तो आकडा पाहताना त्याच्यामागची पन्नास वर्षे दिसतात, आणि त्या पन्नास वर्षांत आपण न दिलेल्या गोष्टीही. पुढच्या मुलीला जगाच्या पंक्तीत बसण्यासाठी मान पणाला लावावी लागू नये, एवढे जरी आपण या चौथ्या क्रमांकाकडून शिकलो तरी पुष्कळ झाले.

धागा समाप्त. आपल्या गावातील अशी एखादी तालीम किंवा व्यायामशाळा ठाऊक असल्यास खाली जरूर लिहा. मतभेद असल्यास तेही लिहा.